बॅटरी मरते मे महिन्यात, कळतं पावसाळ्यात

बार्शीटाकळीहून एका भगिनीचं पत्र आलं आहे. शोहर सौदीत नोकरीला, घरात सासू-सासरे आणि कॉलेजात जाणारा दीर. सासऱ्यांना आठवड्यातून दोनदा डायलिसिससाठी अकोल्याला न्यावं लागतं. दारात एक जुनी छोटी पेट्रोल गाडी आहे, ती दीर चालवतो. जुलैतल्या एका पहाटे, फजरनंतर निघायचं होतं आणि चावी फिरवली तर नुसतं 'कट-कट-कट'. शेजाऱ्यांच्या ऑटोने त्या दिवशी वेळ निभावली. मग सुरू झाली सल्ल्यांची गर्दी. एक मिस्त्री म्हणाला, डायनामो गेला. दुसरा म्हणाला, बॅटरी बसली. दुकानदार म्हणाला, कंपनीने दिलेली लहान आहे, मोठी टाका. आपा लिहितात, "तीन माणसं, तीन गोष्टी. पैसे मात्र एकदाच खर्च करायचे आहेत. कुणाचं ऐकावं?"

घरात रुग्ण असेल तर गाडी ही हौस राहत नाही, औषधाच्या डब्यासारखी होते. म्हणून या महिन्याचं पान बॅटरीसाठी.

आपा, सगळ्यात आधी एक गोष्ट. तुमची बॅटरी पावसाने खराब झाली असं घरात सगळ्यांना वाटत असेल, पण तिला मारलं असेल ते उन्हाने. आपल्या वऱ्हाडाचा उन्हाळा तुम्हाला मी काय सांगणार? २०२४ च्या मे महिन्यात अकोल्याचा पारा ४५ अंशांच्या पुढे गेला, तेव्हा जिल्हाधिकाऱ्यांनी महिनाअखेरपर्यंत जमावबंदीचं कलम १४४ लावलं होतं. माणसांना सावलीत बसा म्हणून सांगता येतं. बॅटरी मात्र बोनेटच्या आत, तापलेल्या इंजिनाच्या शेजारी बसलेली असते. तिच्या आत शिशाच्या पट्ट्या असतात आणि पाणी मिसळलेलं गंधकाम्ल असतं. उष्णता वाढली की त्या पट्ट्या आतून लवकर झिजतात आणि पाणी उडून जातं. जाणकारांचा ढोबळ हिशेब असा की २५ अंशांच्या वर दर आठ-दहा अंशांमागे बॅटरीचं आयुष्य जवळपास अर्धं होतं. थंड मुलखात पाच-सहा वर्षं चालणारी बॅटरी आपल्याकडे तीन-साडेतीन वर्षांत थकते, यात कंपनीची लबाडी असेलच असं नाही.

मग मे महिन्यातच गाडी बंद का पडली नाही? कारण उन्हाळ्यात इंजिनातलं ऑइल पातळ असतं, इंजिन सहज फिरतं, थकलेली बॅटरीही तेवढं काम ओढून नेते. पाऊस लागला, हवा गार झाली की इंजिन जड फिरतं. वर वायपर, दिवे, काचेवरचं बाष्प काढणारा पंखा, सगळ्यांचा भार एकाच वेळी येतो. तेव्हा तिचं पितळ उघडं पडतं.

आता डायनामो की बॅटरी, हे दुकानात पैसे मोजण्याआधी घरीच कळू शकतं. एक साधा मल्टिमीटर घ्या. काही शे रुपयांत मिळतो आणि घरातल्या इन्व्हर्टरलाही उपयोगी पडतो. गाडी रात्रभर बंद असेल तेव्हा सकाळी, काहीही सुरू न करता, बॅटरीच्या दोन टर्मिनलवर मीटर लावा. १२.६ व्होल्टच्या आसपास आकडा आला तर बॅटरी भरलेली आहे. १२.२ म्हणजे साधारण अर्धी. १२ च्या खाली म्हणजे रिकामीच समजा. मग दिराला सेल्फ मारायला सांगा आणि आकड्याकडे बघा. भरलेल्या बॅटरीचा आकडाही सेल्फ मारताना साडेनऊच्या खाली कोसळत असेल, तर तिच्यात दम राहिलेला नाही. शेवटी गाडी सुरू असताना बघा, गरज पडली तर दुसऱ्या गाडीची केबल लावून सुरू करा. आता आकडा साडेतेरा ते साडेचौदाच्या दरम्यान हवा. तो १२ वरच अडकून राहिला तर डायनामो, म्हणजे अल्टरनेटर, किंवा त्याचा पट्टा बघावा लागेल. नवी बॅटरी टाकली तरी ती चार दिवसांत तशीच रिकामी होईल. आकडा १५ च्या वर जात असेल तर तेही वाईट. मग बॅटरी आतून उकळते.

काही मिस्त्री इंजिन सुरू ठेवून बॅटरीची वायर काढतात आणि गाडी बंद पडते का ते पाहून डायनामोचा निकाल देतात. जुन्या जीपला ते चालून जायचं. आताच्या गाड्यांत कॉम्प्युटर असतो, आणि त्या एका झटक्यात बॅटरीपेक्षा कितीतरी महाग वस्तू जळू शकते. कुणी असं करायला लागला तर सरळ नाही म्हणा, तो कितीही जुना ओळखीचा असो.

मीटर लावण्याआधी टर्मिनलकडे नुसतं डोळ्यांनी बघा. पांढरा-हिरवट थर चढला असेल किंवा पकड हाताने हलत असेल, तर अर्धा आजार तिथेच आहे. साफ करून, घट्ट करून, बॅटरी एक रात्र चार्जरवर लावून मगच निकाल द्या. आणि एक प्रश्न घरातच विचारा: गाडी आठवड्यात किती फिरते? तुमची तर दोनदा अकोल्याला जाते, म्हणजे तिला चार्ज व्हायला वेळ मिळतो. पण ज्यांचा मुलगा मुंबईला किंवा आखातात आहे आणि गाडी फक्त लग्नाला नाहीतर ईदला बाहेर निघते, त्यांची बॅटरी उभ्या उभ्याच मरते. घड्याळ, लॉक, मागून लावलेला कॅमेरा थोडा थोडा करंट पीत राहतात. पाच मिनिटं जागेवर इंजिन चालवून काही भरत नाही. आठवड्यातून एकदा महानच्या धरणापर्यंत चक्कर मारून या, घरातल्या पोरांनाही बरं वाटेल.

आता समजू की बॅटरी खरंच गेली आहे. दुकानदाराच्या 'मोठी टाका'चं काय करायचं? जुन्या बॅटरीवरचा नंबर कागदावर उतरवून घ्या. पुष्कळ छोट्या गाड्यांवर '३८ बी २० एल' असं काहीतरी असतं. त्यातला ३८ हा तिच्या ताकदीचा दर्जा, 'बी' हा रुंदी-उंचीचा गट, २० ही सेंटिमीटरमध्ये अंदाजे लांबी, आणि शेवटचं अक्षर टर्मिनल कोणत्या बाजूला आहेत ते सांगतं. शेवटचं अक्षर चुकलं तर वायर पोहोचतच नाही, किंवा ओढूनताणून पोहोचवली जाते, आणि ते जास्त धोक्याचं. त्याच मापाच्या डब्यात थोड्या जास्त ताकदीची मिळाली तर बेशक घ्या, गाडीचं नुकसान होत नाही. पण उंच बॅटरी बोनेटला टेकली तर तिथेच शॉर्ट होतो. लांब बॅटरी ट्रेमध्ये बसत नाही, मग तिला दोरीने बांधणारे महाभागही मी पाहिले आहेत. तुमच्या सुस्थितीतल्या छोट्या पेट्रोल गाडीला मोठ्या बॅटरीची गरज नाही. डिझेल गाडीचं गणित वेगळं. तिथे इंजिन फिरवायला जास्त जोर लागतो, म्हणून बॅटरीही मोठी असते. सिग्नलवर थांबली की आपोआप बंद होणारी नवी गाडी असेल, तर तिला ईएफबी किंवा एजीएम जातीचीच बॅटरी लागते. तिथे साधी टाकून पैसे वाचवले असं वाटेल, पण ती लवकर जाईल.

एक आगाऊ उत्तर, कारण हा प्रश्न नेहमी येतो. इन्व्हर्टरची बॅटरी गाडीला आणि गाडीची इन्व्हर्टरला लावू नका. गाडीच्या बॅटरीचं काम धावपटूचं, दोन-चार सेकंद पूर्ण ताकद लावायची. इन्व्हर्टरच्या बॅटरीचं काम हमालाचं, तासन्‌तास ओझं वाहायचं. लाइट गेली म्हणून गाडीची बॅटरी पंख्याला जोडली, तर थोड्याच दिवसांत ती दोन्ही कामांची राहत नाही.

दुकानात तीन गोष्टी विचारा. बॅटरी कधी बनली? सहा महिन्यांपेक्षा जुनी, तीही पत्र्याच्या शेडखाली उन्हाळा काढलेली असेल, तर दुसरी मागा. आता व्होल्ट किती? समोर मीटर लावून दाखवायला सांगा, साडेबाराच्या वर हवेत. आणि वॉरंटीचा हिशेब कसा? '३६ महिने' असं मोठ्या अक्षरात लिहिलेलं असतं, पण पुष्कळदा पहिले १८ महिनेच फुकट बदलून मिळते आणि नंतर फक्त किमतीत सूट असते. पक्कं बिल घ्या, कार्डावर तारीख-शिक्का घ्या आणि दोन्हींचा फोटो शोहरला व्हॉट्सॲपवर पाठवून ठेवा. कागद हरवतात, फोटो सापडतो. २२ सप्टेंबर २०२५ पासून या बॅटऱ्यांवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आला आहे. बिलात तो नीट लागला आहे का, तेही बघा.

बसवणं हे काम दीर करू शकतो. मुलगीही करू शकते, यात पुरुषी असं काही नाही, फक्त वजन आहे. छोट्या गाडीची बॅटरी नऊ-दहा किलोची असते, मोठ्या डिझेलची सोळा-सतरापर्यंत जाते. हातातल्या अंगठ्या आणि बांगड्या काढा, जुना चष्मा लावा, दस्ताने घाला. जवळ बीडी-सिगारेट नको. चार्ज होताना बॅटरीतून हायड्रोजन निघतो आणि एका ठिणगीने तो स्फोटासारखा पेटतो. इंजिन बंद, चावी बाहेर, एक काच खाली. मग आधी काळी वायर सोडायची, म्हणजे निगेटिव्ह. कारण असं की गाडीची सगळी बॉडी निगेटिव्हला जोडलेली असते. लाल वायर आधी सोडायला गेलात आणि पाना चुकून बॉडीला लागला, तर तो तिथेच लालभडक होतो. काळी आधी सुटली की हा धोका संपतो. मग लाल, मग धरून ठेवणारी पट्टी, मग बॅटरी उभीच उचलून बाहेर. ट्रेवर पांढरी पूड असेल तर खायचा सोडा पाण्यात कालवून पुसून घ्या. नवी ठेवा, पट्टी घट्ट करा. बॅटरी हलत राहिली तर आपल्या रस्त्यांचे खड्डे तिला वर्षभरात मोडतात. जोडताना क्रम उलटा: आधी लाल, शेवटी काळी. पकड हातोडीने ठोकू नका. वरून व्हॅसलीनचं बोट फिरवा. घड्याळ आणि काचांची सेटिंग पुन्हा करावी लागेल, त्याने घाबरू नका. ॲसिड डोळ्यात उडालं तर पंधरा-वीस मिनिटं वाहत्या पाण्याखाली डोळा धरा आणि तसंच दवाखाना गाठा.

आता जुनी बॅटरी. पत्रात याबद्दल एक ओळही नाही, पण मला खरं तर इथेच जास्त बोलायचं आहे.

तिच्या वजनातला निम्म्याहून जास्त भाग शिसं असतो, म्हणून भंगारवाला तिच्यासाठी चांगला भाव देतो. ती कुठे जाते? पुष्कळदा गल्लीतच. कुऱ्हाडीने फोडतात, ॲसिड नालीत ओततात, पट्ट्या भट्टीवर वितळवतात. गॅरेज आणि भंगार या दोन्ही धंद्यांत आपल्या समाजातली मुलं किती आहेत, ते सांगायला नको. शिशाची धूळ त्यांच्या कपड्यांवर बसून घरी येते आणि चिमुकल्यांच्या तोंडात जाते. जागतिक आरोग्य संघटना सांगते की शिशाची कोणतीही मात्रा निर्धोक नाही, आणि लहान मूल मोठ्या माणसाच्या चार-पाच पट शिसं शरीरात ओढून घेतं. त्याने बुद्धी मंदावते, रक्त कमी होतं. गर्भवती बाईच्या पोटातल्या बाळापर्यंतही ते पोहोचतं.

सेनेगलची राजधानी डाकारजवळ चियारॉय-सुर-मेर नावाची वस्ती आहे. तिथे वर्षानुवर्षं गाड्यांच्या जुन्या बॅटऱ्या फोडल्या जात. शिशाचे भाव वाढले तशा बायका ती माती उकरून, चाळून, त्यातलं शिसं विकू लागल्या. २००७ च्या नोव्हेंबरपासून २००८ च्या मार्चपर्यंत त्या वस्तीत १८ लहान मुलं गेली. आया चाळणी धरून बसायच्या तेव्हा मुलं शेजारीच खेळत असायची.

म्हणून आपा, जुनी बॅटरी फेरीवाल्याला देऊ नका, चार पैसे जास्त मिळाले तरी. २०२२ च्या बॅटरी कचरा नियमांनी तिची विल्हेवाट लावण्याची जबाबदारी बनवणाऱ्या कंपन्यांवर टाकली आहे. ज्या दुकानातून नवी घेता तिथेच जुनी द्या आणि तिची किंमत बिलात वजा करून घ्या. दुकानदार 'वेगळे देतो, बिलात नको' म्हणाला तर आग्रह धरा. ती देईपर्यंत घरात, पाण्याच्या टाकीपाशी किंवा लेकरांच्या हाताला येईल अशी ठेवू नका. आणि घरातलं कुणी गॅरेजात काम करत असेल, तर त्याने जेवणाआधी साबणाने हात धुवावेत, कामाचे कपडे दाराबाहेर उतरवावेत आणि ते वेगळे धुवावेत. तान्ह्याला कडेवर घेण्याची घाई असली तरी आधी कपडे.

नवी बॅटरी बसली की तिच्या डब्यावर मार्करने महिना आणि वर्ष लिहून ठेवा. तिसरा उन्हाळा संपला की दर महिन्याला मीटर लावून बघा. डायलिसिसच्या आदल्या संध्याकाळी बघितलं तर उत्तम, म्हणजे आकडा कमी दिसला तरी रात्र हातात राहते. आणि त्या ऑटोवाल्या शेजाऱ्यांचा नंबर दिराच्या फोनसोबत तुमच्याही फोनमध्ये असू द्या.