रीमा लागू, वय वर्षे एकतीस

'मैंने प्यार किया' डिसेंबर 1989मध्ये लागला तेव्हा रीमा लागू एकतीस वर्षांच्या होत्या आणि पडद्यावरचा त्यांचा मुलगा सलमान खान चोवीसचा. दहा वर्षांनी 'वास्तव'मध्ये तर कहरच. संजय दत्त त्यांच्यापेक्षा जेमतेम वर्षाने धाकटा! असले हिशेब मांडायची खोड मला बँकेने लावली. निवृत्त झाले तरी ती जात नाही.

रीमाताईही बँकेतल्याच, युनियन बँकेतल्या. त्या काळी मुंबईच्या बँकांमध्ये नाटकवाल्यांना तोटा नव्हता. दिवसभर लेजर आणि व्हाउचर, संध्याकाळी कॅश जुळली की पर्स उचलायची आणि तालमीला पळायचं. अर्थात, रीमाताई, म्हणजे माहेरची नयन भडभडे, आली होती नाटकवाल्यांच्याच घरातून. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या नावाजलेल्या अभिनेत्री, आणि मुलगी पुण्याच्या हुजूरपागेतली.

त्यांची 'पुरुष'मधली अंबिका ज्यांनी पाहिली, त्यांना 'सोज्वळ आई' हे बिरुद ऐकून हसू येईल. जयवंत दळवींचं नाटक, समोर नाना पाटेकरांचा गुलाबराव. अत्याचार सोसलेली ही शिक्षिका शेवटी त्या पुढाऱ्याचा जो सूड घेते, त्याने प्रेक्षागृहातले पुरुष खुर्चीत अवघडून बसत. 'सविता दामोदर परांजपे'त तर एकाच देहात दोन बायका. इतकं करून दाखवणाऱ्या नटीला हिंदीवाल्यांनी काय दिलं? मुलाच्या लग्नाची काळजी!

तरी त्यांनी त्यातूनही वाट काढली. 'वास्तव'मधली शांता पोटच्या पोराला गोळी घालते. तिथे हंबरडा फोडायची पूर्ण सोय होती, पण रीमाताई आवाज दाबून धरतात. फिल्मफेअरची नामांकनं मिळत राहिली. पुरस्कार काही आला नाही.

मला विचाराल तर त्यांचं खरं पाणी विनोदात दिसलं, आणि तेही छोट्या पडद्यावर. 'श्रीमान श्रीमती'मधली कोकी कुलकर्णी आठवा. नवरा केशव शेजारणीवर लट्टू, शेजारणीचा नवरा कोकीवर. असल्या मालिकेत बाईचं पात्र बावळट तरी होतं नाहीतर कजाग. कोकी दोन्ही नव्हती. केशव झालेले जतिन कनाकिया थापा मारत असताना रीमाताई नुसत्या ऐकत, आणि त्या ऐकण्यातच हशा पिकायचा. मग 'तू तू मैं मैं'मधली देवकी. तीही घरगुती बाईच, पण सगळी चाल वेगळी. सून झालेली सुप्रिया पिळगावकर एक वाक्य फेकणार, सासूबाई ते खाली पडू न देता परत करणार. विनोदात समोरच्याला वाक्य संपवू देणं फार कठीण असतं. नाटकात मुरलेल्या माणसालाच ते जमतं.

2020च्या टाळेबंदीत दूरदर्शनने 'श्रीमान श्रीमती' पुन्हा दाखवली. आमच्या सूनबाई, हिंदी सिनेमावर वाढलेल्या, म्हणाल्या, "आई, ह्या विनोदीही करायच्या?" तिचा काय दोष? आपण दाखवतो काय, तर साजन-आशिकीच्या पिढीची लाडकी आई. श्रद्धांजलीच्या लेखांतसुद्धा तेच.

18 मे 2017 रोजी त्या गेल्या, अवघ्या अठ्ठावन्नाव्या वर्षी. 'नामकरण' मालिकेतलं त्यांचं काम तेव्हा चालूच होतं, आणि तिथली दयावंती मेहता चांगलीच खाष्ट होती. म्हणजे अखेरपर्यंत रंग बदलायची हौस शाबूत. आजही मराठी मालिका लावा, पस्तिशीतल्या नटीच्या केसांना पांढरा रंग फासून तिला तिशीतल्या नायकाची आई करतात, आणि त्या आईला काम काय, तर देवघर आणि डबा. त्या नट्यांपैकी कुणात अंबिका आहे, कुणात कोकी, हे बघायला निर्मात्यांना सवड नाही. वाहिन्यांनी एवढं तरी करावं. आईची भूमिका लिहून झाली की मुलाचा उल्लेख झाकून ती वाचावी, आणि मागे काही उरतं का ते पाहावं. उरत नसेल तर पुन्हा लिहायला बसावं.