एक घर आपलं, एक बँकेचं

आमच्या ग्रुपमध्ये सध्या दोनच विषय चालतात. कोणाचं लग्न ठरलं आणि कोणी फ्लॅट बुक केला. पहिल्या विषयावर पार्टी मागितली जाते, दुसऱ्यावर एकच प्रश्न विचारला जातो : 'हप्ता किती?' हप्त्याचा आकडा ऐकला की सगळे मान डोलावतात. 'बसतोय ना पगारात? मग टाक की!' विषय संपला.

आम्हीही याच रांगेत होतो. नवरा आयटीत, मी फ्रीलान्सर. (फ्रीलान्सर म्हटलं की बँकवाल्यांच्या चेहऱ्यावर जे भाव येतात, त्यावर एक स्वतंत्र कॉलम होईल.) पुण्यात साडेबासष्ट लाखांचा टू बीएचके पाहिला. बाल्कनीतून टेकडी दिसते, खाली जिम आहे, स्विमिंग पूल आहे. पन्नास लाखांचं लोन, वीस वर्षं, साडेआठ टक्के. हप्ता ४३,३९१ रुपये. लोन करून देणारा एजंट इतका गोड बोलायचा, की त्याने एकदाही 'कर्ज' हा शब्द वापरला नाही. 'मॅडम, भाड्यात थोडी भर घाला, घर तुमचं!'

अडचण एवढीच होती, की हातातले पैसे आठ लाखांनी कमी पडत होते. म्हणून एका शुक्रवारी रात्रीची ट्रॅव्हल्स पकडून माहेरी गेले. माझं माहेर राणीसावरगाव. परभणी जिल्हा, गंगाखेड तालुका. रेणुकादेवीचं देऊळ म्हणून आसपासच्या जिल्ह्यांत माहीत असलेलं गाव. तिथे अण्णांची कोरडवाहू शेती आहे. सोयाबीन, तूर, थोडा कापूस. पैसे मागायला तोंड होत नव्हतं, पण अण्णांनी चहा संपायच्या आतच विषय संपवला. 'एक एकर काढून टाकू. तुझ्याबी वाट्याचं हायच की.'

मला भरून आलं. मग बँकेचं पत्र दाखवत मी उत्साहाने हप्ता सांगितला. अण्णा म्हणाले, 'हप्त्याचं राहू दे बाई. सगळे मिळून बँकेला किती द्यायचे?'

आणि माझी विकेट गेली. दोन महिने आम्ही टाइल्सच्या रंगावर भांडत होतो, पण हा प्रश्न आम्हा दोघांपैकी एकालाही पडला नव्हता! मोबाइल काढला, ४३,३९१ गुणिले २४०. उत्तर : एक कोटी चार लाख तेरा हजार आठशे चाळीस. मी दोनदा गुणाकार केला. तेवढंच आलं.

'पन्नास घेऊन एक कोटी चार? म्हंजे दामदुप्पट झाली की!' अण्णा हसले. 'एक घर तुमचं अन् एक बँकेचं.'

हे दामदुप्पट काय प्रकरण आहे?

मला वाटायचं, हा शब्द पोस्टाच्या योजनांसाठी आहे. 'अमुक वर्षांत दामदुप्पट' अशी पाटी लहानपणी पाहिली होती. पण तो त्याहून फार जुना आहे. हिंदू कायद्यातला हा नियम सांगतो, की सावकाराला एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येणार नाही. इंग्रजांच्या काळात मुंबई इलाख्याची कोर्टंही तो मानत. १८७५ साली पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून शेतकऱ्यांचा उठाव सुरू झाला, त्यात लोकांनी सावकारांच्या घरात शिरून कर्जाचे कागद जाळले. त्यानंतर १८७९ मध्ये सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यातही सावकाराला मुद्दलाहून जास्त व्याज घ्यायला मनाई आहे.

आपल्या होमलोनला हा नियम लागत नाही. बँका त्या कायद्याबाहेर आहेत, आणि आपण व्याज तुंबू न देता दर महिन्याला देत असतो. यात बेकायदा काहीच नाही. पण कर्ज मोजण्याची गावाकडची ही फूटपट्टी चांगली आहे. ती हप्त्याकडे बघत नाही. दिले किती आणि घेतले किती, एवढंच विचारते.

हप्त्याच्या पोटात शिरूया

पहिल्या हप्त्याचे ४३,३९१ रुपये जातात कुठे? ३५,४१७ रुपये व्याजात. मुद्दलातून कमी होतात फक्त ७,९७४. म्हणजे महिनाभर राबून आपण घराचा जेमतेम एक कोपरा सोडवतो.

पाच वर्षांनी हिशोब बघा. तोवर आपण २६ लाख भरलेले असतात. मुद्दल किती कमी झालं? सहा लाखांहूनही थोडं कमी! ४४ लाख अजून बाकीच. आणि पन्नासातले पंचवीस लाख फिटायला तब्बल तेरा वर्षं दहा महिने लागतात. उरलेले पंचवीस मात्र शेवटच्या सहा वर्षांत भराभर फिटतात.

यात बँकेची लबाडी नाही. व्याज शिल्लक रकमेवर लागतं आणि सुरुवातीला शिल्लक जास्त असते, इतकं साधं गणित आहे. पण याचाच अर्थ असा, की लवकर भरलेला जादा रुपया उशिरा भरलेल्या रुपयापेक्षा कितीतरी जास्त काम करतो.

मुदत वाढवली तर? एजंटचा आवडता सल्ला तोच होता. 'मॅडम, तीस वर्षं करा, हप्ता ३८,४४६ वर येतो.' पाच हजारांचा दिलासा! पण एकूण भरणा एक कोटी ३८ लाखांवर जातो. महिन्याच्या या पाच हजारांची किंमत ३४ लाख रुपये.

जे ब्रोशरमध्ये नसतं

आता घरासाठी खिशातून जाणारे पैसे धरू. आमच्या फ्लॅटला स्वतःचे साडेबारा लाख हवे होते. त्यावर पुणे महापालिका हद्दीतली स्टॅम्प ड्युटी ७ टक्क्यांनी ४ लाख ३८ हजार, रजिस्ट्रेशन ३० हजार आणि बांधकाम सुरू असलेली स्कीम म्हणून ५ टक्के जीएसटी, ३ लाख १३ हजार. झाले वीस लाख तीस हजार. बँकेचे एक कोटी चार लाख त्यात मिळवा. साडेबासष्ट लाखांचं घर आम्हाला साधारण एक कोटी साडेचोवीस लाखांना पडत होतं. इथेही दामदुप्पट!

शिवाय एजंटने लाखाचा विमा हळूच लोनमध्येच बसवून ठेवला होता. लोनमध्ये घुसलेला प्रत्येक लाख वीस वर्षांत २ लाख ८ हजारांचा होतो. विमा हवाच, पण तो वेगळा घ्या आणि वेगळा भरा.

दर फिरतो, आपण गरगरतो

बहुतेक लोनचा दर फिरता असतो. २०२२ च्या मे महिन्यापासून २०२३ च्या फेब्रुवारीपर्यंत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. समजा, कोणी त्याआधी पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी पन्नास लाख घेतले होते. हप्ता ३८,०१८. दर सव्वानऊ झाल्यावर पन्नास लाखांचं महिन्याचं नुसतं व्याजच ३८,५४२ होतं. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढणार! त्या काळात हप्ता तोच ठेवून मुदत गुपचूप लांबल्याचं अनेकांना फार उशिरा कळलं. शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बजावलं, की दर बदलला तर कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत हे त्याला निवडू द्या, आणि व्याजसुद्धा न फिटणारा हप्ता ठेवू नका. २०२५ मध्ये रेपो दर पुन्हा टप्प्याटप्प्याने खाली आला. तेव्हा दर कमी झाल्याचा मेसेज आला असेल, तर आपल्या लोनमध्ये नेमकं काय बदललं, ते एकदा बघाच.

दुसरी बाजूही ऐका

घाबरवायचा हेतू नाही, दोस्तहो. होमलोनइतकं स्वस्त मोठं कर्ज आपल्याला दुसरं मिळत नाही. एचडीएफसी १९७७ मध्ये सुरू झाली त्या काळात नोकरदार माणूस रिटायर होताना फंडाच्या पैशातून घर बांधायचा. आपण तिशीत स्वतःच्या घरात राहतो, ते कर्जामुळेच. शिवाय भाडं वाचतं, आणि महागाई आपल्या बाजूने असते. ती वर्षाला ५ टक्के धरली, तर विसाव्या वर्षीचे ४३ हजार आजच्या सोळा हजारांसारखे वाटतील. म्हणून एक कोटी चार लाख हा आकडा दिसतो तेवढा भयानक नाही.

पण 'टॅक्स वाचतो' या फंड्यावर फार भरवसा ठेवू नका. नव्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वजावट मिळत नाही. जुन्या पद्धतीत मिळते ती वर्षाला दोन लाखांपर्यंतच, आणि आपलं पहिल्या वर्षाचं व्याज सव्वाचार लाखांच्या आसपास असतं.

शेवटच्या पंधरा लाखांची गोष्ट

त्या रात्री गच्चीवर बसून मी मोबाइलवर आकडे बदलत राहिले. एक आकडा असा आला, की झोपच उडाली.

हप्ता तोच, ४३ हजारांचा. दरही तोच, साडेआठ. फक्त लोन पन्नासऐवजी पस्तीस लाखांचं. किती वर्षांत फिटेल? मला वाटलं चौदा, फार तर तेरा. उत्तर आलं दहा. बरोब्बर दहा वर्षं! पन्नास लाखांना २४० हप्ते, पस्तीसला १२०. म्हणजे शेवटच्या पंधरा लाखांसाठी आपण आणखी दहा वर्षं तोच हप्ता भरणार, आणि ते पंधरा लाख आपल्याला ५२ लाखांना पडणार. स्विमिंग पूल, टेकडीचा व्ह्यू आणि एक जादा बेडरूम यांची ही खरी किंमत.

माझं वय २८. वीस वर्षांनी मी ४८ ची असेन. दहा वर्षांनी ३८. या दोन आकड्यांमधली दहा वर्षं माझी आहेत. त्यात मला नोकरी सोडून पुस्तक लिहायचं असेल, नवऱ्याला स्वतःचं काही सुरू करायचं असेल, अण्णांच्या गुडघ्यांचं ऑपरेशन असेल. हप्ता यातलं काहीच विचारत नाही. तो पाच तारखेला येतो.

सकाळी अण्णांना म्हटलं, 'एकर राहू द्या. आम्ही लहान घर बघतो.' ते काही बोलले नाहीत. दुपारी शेतात गेलो तेव्हा बांधावर उभे राहून नेहमीपेक्षा जरा जास्त वेळ तुरीकडे बघत होते, एवढंच.

पुण्यात येऊन आम्ही जुन्या सोसायटीतला पावणेचव्वेचाळीस लाखांचा रीसेल फ्लॅट पाहिला. जीएसटी नाही, पूल नाही, व्ह्यू म्हणजे समोरच्यांची वाळत घातलेली चादर. लोन पस्तीस लाख, पंधरा वर्षं, हप्ता ३४,४६६. वरचे नऊ हजार दर महिन्याला मुद्दलात टाकायचं ठरवलंय. स्वतःचे लागले ते बारा लाख आमच्याकडे होते. एकर विकावा लागला नाही.

बुक करण्यापूर्वी एवढं कराच

• 'हप्ता किती' नंतर लगेच 'एकूण किती' विचारा. हप्ता गुणिले महिने, बस्स.

• ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट्स स्टेटमेंट' द्यावं लागतं. त्यात सगळे चार्जेस धरून पडणारा खरा वार्षिक दर असतो. सही करण्याआधी वाचा.

• फिरत्या दराच्या होमलोनवर मुदतीआधी फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता भरलात, तर पन्नास लाखांचं लोन सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि साधारण दहा लाख वाचतात.

• लोन संपल्यावर मूळ कागद तीस दिवसांत परत मागा. डिसेंबर २०२३ पासून उशीर बँकेमुळे झाला, तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई मिळायला हवी.

परवा अण्णांचा फोन आला. घर कसंय, किती खोल्या, पाणी येतं का, काहीच विचारलं नाही. म्हणाले, 'किती फिटलं?'

हप्ता विचारणारे शंभर भेटतील. हा प्रश्न विचारणारं एखादं माणूस जवळ ठेवा.