घराची किंमत आणि कर्जाची किंमत

घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून, असे आपले जुने लोक म्हणत. या म्हणीत घर बांधणाऱ्याच्या दगदगीचे जितके भान आहे, तितकेच त्याच्या चुकलेल्या अंदाजाचेही आहे. आजचा शहरी मध्यमवर्गीय घर बांधीत नाही, विकत घेतो. आणि तेही रोख नव्हे, तर वीस-पंचवीस वर्षांच्या कर्जाने. दगदग पुष्कळ कमी झाली. खर्चाचा अंदाज मात्र पूर्वीपेक्षाही अंधुक झाला आहे. घर घेणारा दोन प्रश्न हमखास विचारतो. सदनिकेची किंमत किती, आणि महिन्याचा हप्ता किती? परंतु ज्या दिवशी अखेरचा हप्ता फिटेल त्या दिवशी या घरापायी आपल्या हातून एकंदर किती पैसा गेलेला असेल, हा तिसरा प्रश्न बहुधा विचारला जात नाही. ज्याने विचारावयाचा तो विचारीत नाही, म्हणून ज्याने उत्तर द्यावयाचे तोही ते आपण होऊन सांगत नाही. या मौनाची किंमत फार मोठी आहे आणि ती सर्वस्वी ऋणकोला मोजावी लागते, म्हणून आज या विषयाकडे वाचकांचे लक्ष वेधणे आम्हांस अगत्याचे वाटते.

प्रथम साधा हिशोब मांडू. पन्नास लाख रुपयांचे कर्ज, वार्षिक साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत असे धरले, तर महिन्याचा हप्ता ४३,३९१ रुपये येतो. असे २४० हप्ते भरावयाचे, म्हणजे एकंदर १ कोटी ४ लाख १४ हजार रुपये द्यावयाचे. मुद्दल पन्नास लाख. व्याज चोपन्न लाखांहून अधिक. पहिल्या हप्त्यातील ३५,४१७ रुपये व्याजापोटी जातात आणि मुद्दलात अवघे ७,९७४ रुपये जमा होतात. पाच वर्षे एकही हप्ता न चुकविता सव्वीस लाख रुपये भरल्यावर मुद्दल कितीने उतरते? सहा लाखांनीही नाही. चव्वेचाळीस लाख तसेच शिल्लक असतात. निम्मे मुद्दल फिटावयास तेरा वर्षे दहा महिने लागतात. मुदतीचा अर्धा काळ लोटला म्हणजे अर्धे कर्ज फिटले, असे ज्यांस वाटते त्यांनी हे आकडे एकवार नजरेखालून घालावेत.

येथे एका गैरसमजाचे निराकरण केले पाहिजे. यात बँक काही लबाडी करते असे आमचे म्हणणे नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारले जाते, आरंभी मुद्दल मोठे असते, म्हणून आरंभी व्याजही मोठे असते. हे गणित आहे, कपट नव्हे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा वजनदार नसणार, पगार वाढत जातील तसा हप्ता हलका वाटू लागेल, आणि कर्ज काढले नसते तर घरभाडे भरावेच लागले असते, हेही खरे. स्वतःच्या घरात मिळणारे स्थैर्य आकड्यांत मोजता येत नाही. कर्ज काढून घर घेऊच नये, असा उपदेश आम्ही करणार नाही. तो निरर्थक ठरेल. आमचे म्हणणे एवढेच की, जो सौदा माणसाच्या कमावत्या आयुष्याचा अर्धा भाग व्यापतो, त्याची पूर्ण किंमत सही करण्यापूर्वी त्यास ठाऊक असली पाहिजे. हप्ता ही किंमत नव्हे. ती केवळ किंमत भरण्याची रीत होय.

हप्त्यावरच दृष्टी खिळली म्हणजे काय होते, हे मुदतीच्या प्रश्नात स्पष्ट दिसते. तेच पन्नास लाख, तोच दर. मुदत मात्र वीसऐवजी तीस वर्षे केली, तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. महिन्याकाठी सुमारे पाच हजार वाचले म्हणून कुटुंबात समाधान पसरते. परंतु एकंदर व्याज चोपन्न लाखांवरून अठ्ठ्याऐंशी लाखांवर जाते. महिन्याच्या पाच हजारांच्या सोयीसाठी चौतीस लाख रुपये अधिक! उलट मुदत पंधरा वर्षांवर आणली, तर हप्ता ४९,२३७ रुपये होतो आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास थांबते. पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचे कर्ज घेणारा गृहस्थ पासष्टाव्या वर्षी ऋणमुक्त व्हावयाचा. आणि नोकरीतून तर तो अठ्ठावन्नाव्या किंवा साठाव्या वर्षीच निवृत्त होणार. मधली पाच-सात वर्षे हप्ता कोठून भरावयाचा, याचे उत्तर भविष्यनिर्वाह निधीवर किंवा मुलांच्या मिळकतीवर सोपविलेले असते. म्हातारपणाची पुंजी घराच्या व्याजात जावी, यासाठी कोणी घर घेत नाही.

बरे, ही मुदत तरी ठरल्याप्रमाणे राहते काय? बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य निर्देशांकाशी जोडावीत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. गृहवित्त कंपन्यांवर मात्र हे बंधन नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५० टक्क्यांवर गेला. त्या काळात असंख्य ऋणकोंचा हप्ता होता तेवढाच राहिला आणि मुदत मात्र लांबली. हप्ता वाढला असता तर घरोघरी चर्चा झाली असती. मुदत लांबली ती कागदोपत्री, आवाज न करता. या दरवाढीचे सामर्थ्य किती होते, ते एका उदाहरणाने कळेल. सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या पन्नास लाखांचा हप्ता ३८,७६५ रुपये. लगोलग दर साडेनऊ टक्के झाला असे धरले, तर एका महिन्याचे व्याजच ३९,५८३ रुपये होते. म्हणजे पूर्ण हप्ता भरूनही त्या महिन्याचे व्याजसुद्धा फिटत नाही. मुद्दल उतरण्याऐवजी चढू लागते. पुढे २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने ५.२५ टक्क्यांपर्यंत उतरला, ही समाधानाची गोष्ट होय. परंतु आधी लांबलेली मुदत दर उतरल्यावर पूर्वपदावर आली की नाही, हे किती जणांनी पडताळून पाहिले असेल?

व्याजाखेरीज अन्य खर्चही याच हिशोबात धरावयास हवेत. पुण्यात साडेबासष्ट लाखांची बांधकाम चालू असलेली सदनिका घेतली, तर सात टक्क्यांप्रमाणे मुद्रांकशुल्क ४ लाख ३७ हजार ५०० रुपये, नोंदणीशुल्क ३० हजार आणि पाच टक्क्यांप्रमाणे वस्तू व सेवा कर ३ लाख १२ हजार ५०० रुपये होतो. खरेदीदार स्त्री असल्यास मुद्रांकशुल्कात एक टक्क्याची सवलत मिळते. मुद्रांक व नोंदणीचा खर्च कर्जासाठी घराच्या किमतीत सामान्यतः धरला जात नाही. तो खिशातून करावा लागतो. किंमत, हे तिन्ही आकार आणि पन्नास लाखांवरील व्याज यांची बेरीज १ कोटी २४ लाखांच्या वर जाते, आणि त्यात देखभालखर्चाचा वा मालमत्ताकराचा एक पैसाही धरलेला नाही. कर्जाबरोबर गळ्यात मारलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता मुद्दलात मिळविला, तर त्यावरही वीस वर्षे व्याज चढते. आयकरात सूट मिळते म्हणून कर्ज स्वस्त पडते, ही समजूतही तपासून घ्यावी. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट वर्षाला दोन लाखांपुरतीच आहे. आमच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज चार लाखांवर जाते. नव्या करपद्धतीत तर राहत्या घराच्या व्याजावर ही वजावट मुळीच नाही.

हिशोब मागण्याचा ऋणकोचा हक्क ही महाराष्ट्राला नवी गोष्ट नव्हे. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा सावकारांविरुद्ध उठाव झाला आणि तो पुणे व तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. त्या वेळी शेतकऱ्यांचा मुख्य रोख सावकाराच्या जिवावर नव्हता. त्याच्या पेटीतील कर्जरोख्यांवर होता. ज्या कागदावर अंगठा उठविला त्यात काय लिहिले आहे आणि आजवर किती फिटले, हे न कळणे हेच त्या संतापाचे एक मोठे मूळ होते. १८७९ साली दक्खनमधील शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. त्याने रोख्याच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार न्यायालयांस दिला आणि पावती व वार्षिक हिशोब मागण्याचा हक्क शेतकरी ऋणकोस दिला. आजची बँक म्हणजे तो सावकार नव्हे आणि आजचा ऋणको निरक्षर नाही. परंतु निरक्षर शेतकऱ्याने जो हिशोब मागितला, तो पदवीधर नागरिकाने मागू नये, हे आम्हांस शोभादायक वाटत नाही.

आणि हा हिशोब आता मागितल्यावाचूनही मिळावयास हवा, असे नियम झालेले आहेत. १८ ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या आदेशान्वये दर बदलताना हप्ता वाढवावयाचा, मुदत वाढवावयाची, की दोन्ही थोडे थोडे करावयाचे, याची निवड ऋणकोस दिली पाहिजे. मुदत वाढविताना मुद्दल चढू देता कामा नये. आणि आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, याचे विवरण दर तिमाहीस उपलब्ध केले पाहिजे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर मुख्य बाबींचे विवरणपत्र देणे सक्तीचे झाले आहे. त्यात सर्व आकारांसह पडणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे संपूर्ण कोष्टक असावे लागते. ते ऋणकोस समजणाऱ्या भाषेत असावे लागते. आणि गृहकर्जासारख्या कर्जात विचार करावयास निदान तीन कामकाजाचे दिवस द्यावे लागतात. बदलत्या दराचे गृहकर्ज मुदतीपूर्वी फेडणाऱ्या व्यक्तीकडून बँकांनी दंड घेऊ नये, हा नियम तर २०१२ पासूनचा आहे. त्याचा लाभ लहान नाही. आमच्या पहिल्या उदाहरणातील ऋणकोने दरवर्षी केवळ एक हप्ता जादा भरला, तर कर्ज सुमारे चाळीस महिने आधी फिटते आणि दहा लाखांहून अधिक व्याज वाचते.

मग उणीव कोठे आहे? नियम आणि व्यवहार यांच्यामध्ये. म्हणून आम्ही तीन गोष्टी आग्रहाने मागतो. पहिली ही की, घराच्या वा कर्जाच्या ज्या जाहिरातीत हप्त्याचा आकडा असेल, तीत एकंदर परतफेडीचा आकडाही तितक्याच मोठ्या अक्षरांत छापण्याची सक्ती व्हावी. दुसरी, ऋणकोचे मौन म्हणजे मुदतवाढीस संमती असे कदापि मानले जाऊ नये. मुदत वाढवावयाची तर नव्या अखेरच्या तारखेवर आणि वाढीव व्याजाच्या आकड्यावर त्याची स्पष्ट संमती घेतली जावी. तिसरी, महाराष्ट्रातील शाखांनी हे विवरणपत्र मागणी होण्याची वाट न पाहता मराठीत द्यावे. समजणारी भाषा याचा अर्थ इंग्रजी सहीपुरती समजणारी भाषा, असा होत नाही.

परंतु मागण्या करून नागरिकाची जबाबदारी संपत नाही. भाजी घेताना चार ठिकाणी भाव विचारणारा आमचा मध्यमवर्ग कोटीच्या व्यवहारात पन्नास पानांवर न वाचता सह्या करतो, ही विसंगती आता पुरे झाली. ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांनी या महिन्यात बँकेकडून विवरण घ्यावे, मूळची अखेरची तारीख आणि आजची अखेरची तारीख शेजारी शेजारी ठेवून पाहावी, आणि जुन्या पद्धतीच्या दरावर आपण अडकून पडलो असल्यास नव्या पद्धतीवर जाण्यास काय पडेल ते विचारावे. ज्यांस कर्ज घ्यावयाचे आहे त्यांनी हप्ता झेपतो की नाही एवढ्यावर न थांबता, दर दोन टक्क्यांनी वाढला तर काय, आणि निवृत्तीच्या दिवशी किती शिल्लक राहील, हे दोन आकडे घरातील सर्वांसमक्ष मांडावेत. अंथरूण पाहून पाय पसरावेत हे खरे. पण त्यासाठी आधी अंथरुणाची लांबी ठाऊक हवी. ती सांगणे हे बँकेचे कर्तव्य आहे आणि मोजून घेणे हे आपले.