शिकागोची दुकाने आणि शहराची जबाबदारी

वॉलमार्ट या जगातील सर्वांत मोठ्या किरकोळ व्यापारी कंपनीने एप्रिल २०२३ मध्ये शिकागो शहरातील आपल्या आठ दुकानांपैकी चार दुकाने बंद करण्याचा निर्णय जाहीर केला आणि आठवडा उलटण्याच्या आत ती बंदही झाली. पहिले दुकान उघडल्यापासूनच्या सुमारे सतरा वर्षांत शिकागोतील दुकाने एकंदरीने कधीच नफ्यात आली नाहीत, दरवर्षी कोट्यवधी डॉलरचा तोटा होतो आणि गेल्या पाच वर्षांत तो जवळजवळ दुपटीने वाढला, असे कारण कंपनीने दिले. न परवडणारा धंदा बंद करण्याचा अधिकार व्यापाऱ्याला असतो, हे कोणीही मान्य करील. तथापि बंद झालेल्या चार दुकानांपैकी तीन दुकाने शहराच्या दक्षिण व पश्चिम भागांत होती. मुख्यतः कृष्णवर्णीय आणि मेक्सिकन वंशाच्या लोकांची वस्ती असलेल्या या भागांतून साखळी दुकाने एकामागून एक निघून जाण्याची ही काही पहिलीच वेळ नव्हे. ज्या शहराने जगाला आधुनिक किरकोळ व्यापाराचे धडे दिले, त्याच शहरातील अनेक वस्त्यांत ताजी भाजी घेण्यासाठी माणसाला बस धरून दुसऱ्या वस्तीत जावे लागते. ही विसंगती कशी निर्माण झाली, हा प्रश्न अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने अवश्य विचारला पाहिजे.

व्यापाराची राजधानी

शिकागोचे व्यापारी वैभव रेल्वेने घडविले. साऱ्या मध्य अमेरिकेतील लोहमार्ग या शहरात एकत्र येत. त्याचा लाभ घेऊन ॲरन माँटगोमेरी वॉर्ड याने १८७२ साली टपालाने माल पुरविण्याचा व्यवसाय सुरू केला. त्याची पहिली मूल्यसूची म्हणजे १६३ वस्तूंची नावे असलेला एक साधा कागद होता. मधले दलाल वगळून शेतकऱ्याला थेट माल द्यावयाचा, आणि तो पसंत न पडल्यास पैसे परत करावयाचे, ही त्याची रीत. पुढे सिअर्स, रोबक आणि कंपनीने याच मार्गाने जाऊन वॉर्डलाही मागे टाकले. शहरातील गिऱ्हाइकासाठी स्टेट स्ट्रीटवर मार्शल फील्डचे प्रचंड भांडार उभे राहिले. १८९२ ते १९१४ या काळात टप्प्याटप्प्याने बांधलेल्या त्या इमारतीने रस्त्यांमधील एक संपूर्ण चौक व्यापला आहे. १९७३ साली सिअर्सने ११० मजल्यांचा मनोरा उभारला, तेव्हा जगातील सर्वांत उंच इमारत एका दुकानदाराच्या मालकीची होती!

या वैभवाची दुसरी बाजूही लक्षात ठेवली पाहिजे. टपालाने स्वस्त माल घरपोच येऊ लागला, तेव्हा खेडोपाडीचे दुकानदार हवालदिल झाले होते. दूरच्या शहरातील भांडवल आपला धंदा बुडवीत आहे, अशी त्यांची तक्रार होती. त्यांचे गिऱ्हाईक शिकागोकडे गेले आणि त्यांच्या तोट्यावर शिकागोची भरभराट झाली. शतकानंतर तेच चक्र उलटे फिरले. सिअर्सने आपली सर्वसाधारण मूल्यसूची १९९३ साली बंद केली आणि अवघ्या दोन वर्षांनी, १९९५ मध्ये, ॲमेझॉनने संगणकाच्या पडद्यावरून पुस्तके विकण्यास प्रारंभ केला. ज्या कंपनीपाशी घरपोच व्यापाराचा शंभर वर्षांचा अनुभव होता, तिने तो व्यापार नेमक्या त्याच वेळी सोडून द्यावा, यास दैवदुर्विलासच म्हणावे लागेल. वॉर्डची दुकाने २००१ साली कायमची बंद झाली. मार्शल फील्डचे नाव २००६ साली पुसले जाऊन तेथे मेसीजची पाटी लागली. शहराच्या हद्दीतील सिअर्सचे अखेरचे दुकान जुलै २०१८ मध्ये बंद झाले आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला.

दोष केवळ संगणकाचा नाही

या घटनाक्रमावरून असा निष्कर्ष काढला जातो की, घरबसल्या खरेदीने दुकानदारी संपविली. हा निष्कर्ष सोपा आहे, परंतु अपुरा आहे. स्टेट स्ट्रीटवरील गोल्डब्लॅट्स हे भांडार १९८१ साली बंद पडले आणि वीबोल्ट्सची दुकाने १९८७ पर्यंत नामशेष झाली. तेव्हा ॲमेझॉनचा जन्मही झालेला नव्हता. शिकागोच्या पेठांचा खरा ऱ्हास दुसऱ्या महायुद्धानंतर सुरू झाला. द्रुतगती मार्ग बांधले गेले, मोटारीची ऐपत असलेला गौरवर्णीय मध्यमवर्ग उपनगरांत राहावयास गेला आणि त्याच्यामागून दुकानेही गेली. स्कोकी येथे १९५६ साली ओल्ड ऑर्चर्ड, तर शॉम्बर्ग येथे १९७१ साली वुडफील्ड ही विस्तीर्ण बाजारसंकुले उघडली. १९५० साली शिकागोची लोकसंख्या ३६ लाखांवर होती. २०२० साली ती २७ लाख ४६ हजार भरली.

लोकसंख्येची ही घट शहरभर सारखी वाटली गेली नाही. कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांत घरासाठी कर्ज मिळत नसे, कारण पतसंस्था व बँका अशा वस्त्या नकाशावरच वर्ज्य ठरवीत. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर १९६८ च्या दंगलीत पश्चिम भागातील मॅडिसन स्ट्रीटची पेठ जळाली. दक्षिणेकडील एंगलवुड भागात त्रेसष्टावा रस्ता आणि हॉल्स्टेड स्ट्रीट यांच्या चौकात एके काळी मध्यवर्ती पेठेच्या खालोखाल गजबज असे. त्या वस्तीत १९६० साली सुमारे ९७ हजार लोक राहत होते. २०२० साली सुमारे २४ हजार उरले. गिऱ्हाईक तीन चतुर्थांशाने घटल्यावर कोणती पेठ तग धरील?

वृत्तपत्रांत चर्चा होते ती बहुधा मिशिगन ॲव्हेन्यूवरील रिकाम्या गाळ्यांची. तो प्रश्न खोटा नाही. २०२० च्या मे व ऑगस्ट महिन्यांत तेथे लूटमार झाली, महासाथीत पर्यटक आटले, वॉटर टॉवर प्लेस या बहुमजली संकुलातील मेसीजचे भांडार २०२१ साली बंद झाले आणि पुढील वर्षी मालक कंपनीने ते संकुल कर्ज देणाऱ्याच्या हवाली केले. परंतु चैनीच्या वस्तूंचे दुकान बंद झाल्याने श्रीमंत गिऱ्हाइकाचे फारसे अडत नाही. वाणसामानाचे एकमेव दुकान बंद झाले म्हणजे गरिबाचे दैनंदिन जीवन अडते. पहिल्या नुकसानीची जाहिरात अधिक होते, दुसरे नुकसान अधिक खोल असते.

नफ्याचा हिशेब आणि गरजेचा हिशेब

अर्थशास्त्राच्या पहिल्याच वर्षात आपण विद्यार्थ्यांना शिकवितो की, गरज म्हणजे मागणी नव्हे. जिच्यामागे क्रयशक्ती आहे तीच मागणी बाजाराला दिसते. शिकागोच्या दक्षिण भागातील वृद्ध स्त्रीला दूध, फळे आणि औषधे यांची गरज उत्तर भागातील वकिलाइतकीच असते, परंतु कंपनीच्या ताळेबंदात त्या दोघांचे वजन सारखे नसते. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत शिकागोतील पाच लाखांहून अधिक लोक अन्नाच्या बाबतीत जणू वाळवंटात राहतात, असे दाखवून देण्यात आले होते. तेथे खावयास काहीच मिळत नाही असे नव्हे. तळलेले पदार्थ, गोड पेये व मद्य मुबलक मिळते, परंतु भाजीपाला मिळत नाही.

वस्तूची खरी किंमत ही केवळ दुकानातील किंमत नसते. तीत बसचे भाडे, वाटेत गेलेला वेळ आणि पिशव्या वाहून आणण्याचे श्रम मिळवावे लागतात. मोटार नसलेल्या कुटुंबाला जवळचे दुकान बंद झाल्यावर भाववाढच सोसावी लागते, परंतु ती कोणत्याही निर्देशांकात नोंदली जात नाही. शिवाय मोठे दुकान गेल्यावर त्याच्या आसऱ्याने चालणारा न्हावी, धोबी, उपाहारगृहवाला यांचीही वर्दळ आटते. हा सामाजिक तोटा कंपनीच्या हिशेबात येत नाही, कारण तो तिला भरावा लागत नाही.

कंपन्यांची बाजू येथे न्यायबुद्धीने मांडली पाहिजे. चोरी, मालाची नासधूस, रात्रीची असुरक्षितता हे खर्च काल्पनिक नाहीत. परंतु टार्गेट कंपनीने २०१९ साली दक्षिण भागातील चॅथम आणि मॉर्गन पार्क येथील दुकाने बंद केली, तेव्हा तेथील रहिवाशांनी उपस्थित केलेला प्रश्नही तितकाच सयुक्तिक होता. चॅथम ही नोकरदार कृष्णवर्णीय मध्यमवर्गाची जुनी वस्ती. अशा वस्तीतही दुकान टिकत नसेल, तर हिशेबात उत्पन्नाखेरीज आणखीही काही मोजले जात आहे काय, असा संशय लोकांना आला तर नवल नाही.

पैसा सार्वजनिक, निर्णय खाजगी

नगरप्रशासनाने या बाबतीत काहीच केले नाही, असे म्हणता येणार नाही. २००६ साली नगरसभेने मोठ्या दुकानांसाठी वेतनाचा ठराव ३५ विरुद्ध १४ मतांनी संमत केला. ९० हजार चौरस फुटांहून मोठ्या दुकानांनी २०१० पर्यंत ताशी १० डॉलर वेतन व ३ डॉलरचे अन्य लाभ द्यावेत, असा त्याचा आशय होता. अशा अटी घातल्यास दुकाने व नोकऱ्या शहराबाहेर जातील, असे म्हणून महापौर रिचर्ड एम. डेली यांनी आपल्या कारकिर्दीत प्रथमच नकाराधिकार वापरला आणि तो फिरविण्याइतकी मते जमली नाहीत. वॉलमार्टचे पहिले दुकान त्याच महिन्यात उघडले. नोकऱ्यांसाठी वेतनाचा आग्रह सोडावा, हा त्या वेळचा युक्तिवाद. सतरा वर्षांनंतर निम्मी दुकाने गेली, हे पाहता आग्रह सोडून शहराला चिरस्थायी असे काय लाभले, याचा विचार व्हावयास हवा.

एंगलवुडचे उदाहरण याहूनही बोलके आहे. तेथे २०१६ साली होल फूड्स या उंची मालाच्या साखळीचे दुकान मोठ्या समारंभाने उघडण्यात आले. त्या जागेच्या विकासासाठी शहराने एक कोटी डॉलरहून अधिक सार्वजनिक निधी दिला होता. मध्यंतरी २०१७ साली ॲमेझॉनने होल फूड्स कंपनीच विकत घेतली आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये हे दुकान बंद झाले. दुकान आणण्यासाठी पैसा जनतेने द्यावा, आणि ते ठेवावयाचे की नाही याचा निर्णय मात्र दूरच्या संचालक मंडळाने घ्यावा, ही व्यवस्था मुळातच सदोष आहे.

मग उपाय काय? सार्वजनिक अनुदान देताना किमान मुदत, मुदतीपूर्वी दुकान बंद केल्यास रकमेची परतफेड आणि रिकामी जागा दुसऱ्या वाणसामान विक्रेत्यास देण्याचे बंधन, या तीन अटी करारात असल्याच पाहिजेत. बँक कर्ज देताना तारण मागते, मग नगरसभेने का मागू नये? अशा अटींवर मोठ्या कंपन्या येणारच नाहीत, असा आक्षेप घेतला जाईल. काही येणार नाहीत हे खरे. परंतु ज्या कंपनीचे वचन अटीविना दिलेल्या पैशावरच अवलंबून असते, ती सहा वर्षांनी निघून गेल्यावर होणारी हानी अधिक महाग पडते.

दुसरा उपाय म्हणजे लहान दुकानदाराला पतपुरवठा. शिकागोतील ज्या पेठा आजही गजबजलेल्या आहेत, त्यांपैकी अनेक स्थलांतरितांनी उभारल्या आहेत. लिटल व्हिलेजमधील सव्विसाव्या रस्त्यावरील मेक्सिकन पेठ हे त्याचे ठळक उदाहरण. उत्तरेकडील डेव्हन ॲव्हेन्यू आपल्या वाचकांच्या ऐकिवात असेल. तेथे १९७४ साली पटेल बंधूंनी उघडलेल्या लहानशा दुकानातून आज अमेरिकाभर पसरलेली भारतीय वाणसामानाची साखळी निर्माण झाली. त्या काळी अमेरिकेत गेलेल्या मराठी कुटुंबांना तूरडाळ आणि मसाले मिळण्याची जी मोजकी ठिकाणे होती, त्यांत डेव्हनची गणना होई. अशा पेठेतील दुकानदाराला गिऱ्हाइकाची भाषा, पगाराचा दिवस आणि सणवार ठाऊक असतात. मात्र येथेही भाबडेपणा नको. भारतीय कुटुंबे उपनगरांत गेली तशी भारतीय दुकानेही गेली आणि डेव्हनची पूर्वीची गर्दी ओसरली. सहकार हाही रामबाण उपाय नव्हे. हाइड पार्क येथील ग्राहक सहकारी भांडार १९३२ पासून चालले होते, परंतु दुसऱ्या शाखेच्या भाड्याचे ओझे झेपेनासे झाले आणि २००८ साली ते बंद पडले. यावरून सहकार निरुपयोगी ठरत नाही. सहकारालाही हिशेबाची शिस्त आणि विस्ताराचा संयम लागतो, एवढेच सिद्ध होते.

महापौर ब्रँडन जॉन्सन यांनी २०२३ साली नगराच्या मालकीचे वाणसामानाचे दुकान काढण्याची शक्यता तपासण्याचे जाहीर केले, तेव्हा पुष्कळांनी त्याची थट्टा केली. अशा दुकानाच्या व्यवस्थापनाविषयी रास्त शंका घेता येतील. पण त्यामागील विचार थट्टेचा नाही. पाणी, वाचनालय, बस या सेवा वस्तीच्या उत्पन्नावर अवलंबून ठेवू नयेत, असे आपण मानतो. अन्न त्यांहून कमी निकडीचे कसे?

ज्या वॉलमार्टने शिकागोतून काढता पाय घेतला, तिनेच २०१८ साली १६ अब्ज डॉलर देऊन फ्लिपकार्टमधील बहुतांश भाग विकत घेतला आहे. तेव्हा शिकागोचा हा अनुभव आपणही वाचून सोडून देण्याजोगा नाही. दुकान ही खाजगी मालमत्ता असते, परंतु वस्तीला माल मिळणे ही सार्वजनिक गरज असते. जे शहर पहिल्याचे स्वागत करताना दुसरीची तरतूद करावयास विसरते, त्याच्यावर आपल्याच नागरिकांना भाजीसाठी बसच्या रांगेत उभे करण्याची पाळी येते. शिकागोवर ती आली आहे, आणि केवळ नवे दुकान आणून ती टळणार नाही. पुढील दुकान कोणत्या अटींवर आणावयाचे, हे नगरसभेला आधी ठरवावे लागेल.