वाट तोडून विकास नको

भूम तालुक्याचा खवा दूरवर जातो. त्यासाठी शेतकऱ्याला बांधावरची वाट रोज लागते. दूध वेळेत भट्टीवर पोचले नाही तर दिवसाची कमाई जाते.

सरकार रस्ता, तलाव किंवा रेल्वेसाठी जमीन घेते, तेव्हा बोलणी होतात ती बहुधा गटधारकाशी. मागच्या शेतांची वाट मात्र त्याच गटातून गेलेली असते. संपादन पूर्ण झाले की जमीन सर्व बोजांतून मुक्त होऊन सरकारजमा होते आणि शेजाऱ्याची वहिवाट कुंपणाआड अडकते.

कायदा त्याला परका मानत नाही. 2013 च्या भूसंपादन कायद्यानुसार सुविधाधिकार (दुसऱ्याच्या जमिनीतून वाट वापरण्यासारखा हक्क) असलेली व्यक्तीही हितसंबंधित ठरते. प्राथमिक अधिसूचनेनंतर 60 दिवसांत तिला हरकत घेता येते. राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली हीच मुदत 21 दिवसांची आहे.

शेतरस्त्यांची नोंद सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात घेण्याचा निर्णय राज्याने मे 2025 मध्ये केला. भूमच्या महसूल यंत्रणेने ही नोंद संपादनाच्या मोजणीआधी पूर्ण करावी, मोजणीला शेजाऱ्यांनाही बोलवावे आणि पर्यायी रस्ता दिल्याशिवाय ताबा घेऊ नये.