एकटी बसलेय, एवढंच

आमच्या औंढा नागनाथजवळ ‘लायगो-इंडिया’ उभा राहतोय. गुरुत्वीय लहरी टिपणारा, चार-चार किलोमीटरच्या दोन भुजांचा प्रकल्प. एप्रिल २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने त्यासाठी २,६०० कोटी मंजूर केले. जागा हवी होती ती शांत जमिनीची, गाड्या-यंत्रांची थरथर कमीत कमी असलेली. ते वाचून मला हसूच आलं. कारण त्याच गावात मला दहा मिनिटं एकटीला बसायला जागा मिळाली नव्हती. घरात सात माणसं. देवळात बसावं, तर दर्शन झाल्यावर कुणीतरी विचारणारच, ‘‘एकटीच काय करायलीस गं इथं?’’ समोरच्या कट्ट्यावर पोरं तासन् तास बसलेली. त्यांना कोण विचारतंय?

मग पुण्यात आले. कॉट बेसिसची खोली, अभ्यासिका, मेस. इथं ओळखणारं कुणी नाही, म्हणजे आता निवांत, असं वाटलं होतं.

पण तुम्हीच आठवून बघा, शहरात एकटी मुलगी नुसती बसलेली शेवटची कधी दिसली? टपरीवर चहा घेताना तिच्या कानाला फोन असतो. (पलीकडे दर वेळी कुणी असतंच असं नाही. मी केलंय हे.) बागेत बसली, तर मांडीवर पुस्तक. रविवारी रात्री मेस बंद, म्हणून हॉटेलात गेलं की वेटर हमखास विचारतो, ‘‘अजून कोणी येणारे का?’’

शिल्पा फडके, समीरा खान आणि शिल्पा रानडे यांनी २०११ मध्ये ‘व्हाय लॉइटर?’ या पुस्तकात मुंबईबद्दल हेच मांडलं. रस्त्यावर थांबायला बाईला कामाचं निमित्त दाखवावं लागतं. विनाकारण रेंगाळायचा हक्क तिलाही हवा.

‘हे तुमच्याच सुरक्षिततेसाठी’, असं म्हणाल. भीती खोटी नाही. रात्री अकराला मीही नाही बसणार. पण संध्याकाळी सहाला, भरल्या बागेत? तिथं मला भीती नाही वाटत, अवघडल्यासारखं होतं. आणि त्यात तुमचा-माझा वाटा आहे. मैत्रीण एकटीच सिनेमाला गेली म्हटल्यावर ‘‘ब्रेकअप झालं का?’’ असं मीच विचारलं होतं.

दिवाळीत गावी गेले की देवळाच्या पायरीवर बसणार आहे. कुणीतरी विचारेलच. ‘‘काही नाही, बसलेय,’’ एवढंच सांगायचंय. फोन घरी ठेवून जाईन म्हणते. बघू, जमतंय का.