कोरियन कथेची इंग्रजी वाट

हान कांग यांना २०२४चे साहित्याचे नोबेल जाहीर झाले आणि भारतीय शहरांतील वाचकही इंग्रजीतून कोरियन पुस्तके शोधू लागला. लेखिकेची प्रतिभा वादातीत आहे. परंतु तिची भाषा न जाणणाऱ्या जगापर्यंत ती पोहोचली, त्यामागे अनुवादकांचे दीर्घ परिश्रम आणि सरकारचे धोरण आहे.

ब्रूस आणि जू-चान फुल्टन हे दाम्पत्य १९८०च्या दशकापासून कोरियन कथा इंग्रजीत आणत आहे. दक्षिण कोरियाने १९९६ मध्ये अनुवादासाठी निधी उभारला व त्यातूनच तेथील अनुवाद संस्था आकाराला आली. अनुवादकांना प्रशिक्षण व अनुदान आणि परदेशी प्रकाशकांना साह्य, हे तिचे काम. २०२३ मध्ये ब्रूस फुल्टन यांनी संपादित केलेला कोरियन कथांचा संग्रह 'पेंग्विन'ने काढला, तो या पायावरच.

या कथांतून कोरियाचे विसावे शतक उलगडते. ह्यॉन जिन-गॉन यांच्या १९२४च्या कथेतील सोलचा रिक्षावाला पावसाच्या दिवशी कधी नव्हे एवढी कमाई करतो, आजारी पत्नीसाठी तिच्या आवडीचे सूप घेऊन घरी येतो. पण ती मरण पावलेली असते. ओ जॉंग-ही यांची १९७९ची कथा युद्धोत्तर इंचॉन बंदर एका मुलीच्या नजरेतून दाखवते. बोरा चुंग यांच्या अद्भुत-भयकथांत आजच्या उद्योगजगताची हाव दिसते.

अर्थात, कोणता लेखक जगाला दिसावा, हे इंग्रजीतील प्रकाशकच बहुधा ठरवतात. हान कांग यांच्या 'द व्हेजिटेरियन'ला २०१६ मध्ये मॅन बुकर आंतरराष्ट्रीय पुरस्कार मिळाल्यावर डेबोरा स्मिथ यांच्या अनुवादातील चुकांवरून वाद झाला. मात्र त्या अनुवादावाचून हा वाद घालण्याइतके वाचकही त्या कादंबरीला मिळाले नसते.

यात आपल्यासाठीही एक प्रश्न दडलेला आहे. नोबेलच्या घोषणेच्या आठवडाभर आधी, ३ ऑक्टोबर २०२४ रोजी, मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. बानू मुश्ताक यांच्या कन्नड कथांना दीपा भास्ती यांच्या इंग्रजी अनुवादामुळे २०२५चे आंतरराष्ट्रीय बुकर लाभले. जी. ए. कुलकर्णी आणि बाबूराव बागूल यांची कथा तोलामोलाची नाही, असे कोण म्हणेल? अभिजात दर्जाने भाषेचा गौरव झाला; तिच्या अनुवादकाला वर्षानुवर्षे मानधन कोण देणार, हे मात्र अद्याप ठरायचे आहे.